भोगीच्या भाज्या भाजून भाकरीवर घातल्या, भाकरीचा पार लगदा झाला. काय चुकलं?

सिंहगडरोडची:
नमस्कार मंडळी, बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय आणि तोही अडकलेय म्हणूनच. झालं असं की लेकाने कोरेगाव पार्कातल्या एका कॅफेत थंडीतल्या भाज्या भाजून नानवर पसरलेलं काहीतरी खाल्लं, साडेचारशे रुपयांना, आणि घरी येऊन म्हणाला आई हे तू बाजरीच्या भाकरीवर कर, जाम भारी लागेल. मलाही पटलं कारण गाजर, रताळं, फ्लॉवर, वांगं, पावटा हे सगळं सध्या घरात असतंच आणि भोगी तोंडावर आलीये. पटलं ते पटलं, त्या उत्साहात मी सोसायटीच्या ग्रुपवर लिहूनही मोकळी झाले की १३ तारखेच्या भोगीच्या जेवणाला एक पदार्थ माझ्याकडून. २४ माणसं आहेत.

रविवारी ट्रायल घेतली. सगळ्या भाज्या एकसारख्या चिरून, तेल मीठ तिखट चोळून, ओटीजीत (घरातला छोटा ओव्हन) २०० वर २५ मिनिटं. भाकरीवर दही फासलं, वर लसणीची चटणी, वर भाज्या. ताटात वाढेपर्यंत दिसायला छान होतं हो, पण दहा मिनिटांत भाकरी अशी झाली की पावसात भिजलेला पुठ्ठा. उचलली तर मधूनच तुटली. भाज्या पण भाजल्यासारख्या नाही, उकडल्यासारख्या. पावटे मात्र छर्र्यासारखे कडक. सासूबाई दोन घास खाऊन एवढंच म्हणाल्या, "भाजी कोरडी आणि भाकरी ओली, तुझं उलटं झालंय सगळं."

९ दिवस आहेत हातात. सांगा काय करू.

खवय्या_नंबर_एक:
फोटो?

धायरीफाटा:
भाकरी पिझ्झा म्हणा की सरळ. आमच्याकडे पोरांना तेच सांगून खायला घालतो.

तवाप्रेमी:
ताई, तुमच्या पोस्टमध्येच उत्तर आहे, "उकडल्यासारख्या". ट्रेमध्ये भाज्या ढिगाने घातल्या असणार. फ्लॉवर आणि वांग्यात ९० टक्क्यांच्या वर पाणीच असतं, गाजरातही जवळपास तितकंच. हे पाणी वाफ होऊन बाहेर पडलं पाहिजे, पण तुकड्याला तुकडा चिकटून बसला तर वाफ तिथेच अडकते आणि तुम्ही ओटीजीत कुकर लावल्यासारखं होतं. मी काय करतो ते सांगतो.

एकतर ओटीजी २२० वर पूर्ण तापू द्या, पंधरा मिनिटं तरी, आणि रिकामा ट्रे आतच ठेवा म्हणजे तोही तापेल. भाज्या धुतल्यावर पंचावर पसरून कोरड्या करा, हे कोणी करत नाही आणि सगळा घोटाळा इथेच होतो. तापलेल्या ट्रेवर भाज्या टाकल्या की चर्र आवाज आला पाहिजे. नाही आला तर ट्रे बाहेर काढून परत तापवा, लाज वाटू देऊ नका. दोन तुकड्यांमध्ये बोट जाईल एवढी जागा. म्हणजे २४ माणसांसाठी चार-पाच घाणे होणार, त्याला इलाज नाही.

दुसरं, सगळ्या भाज्या एकत्र घालू नका. गाजराला अर्धा तास लागतो, फ्लॉवरला वीस मिनिटं, पावट्याला तर पाच. पावटे आधी मिठाच्या पाण्यात पाचसहा मिनिटं उकडून, निथळून, शेवटी नुसते दाखवायचे. कच्चे घातले की छर्रे होणारच.

मीठ शेवटी घाला असं माझं मत आहे. यावर भांडायला मी तयार आहे.

आज्जीचा_नातू:
मिठावर भांडायला मी आलो. आधी मीठ चोळून अर्धा तास ठेवायचं, सुटलेलं पाणी पिळून टाकायचं आणि मग भाजायचं, वांग्याला तर हेच बरोबर. शेवटी घातलेलं मीठ वरच्यावर राहतं, आत जात नाही.

तवाप्रेमी:
वांग्यापुरतं मान्य. फ्लॉवर पिळून दाखवा मग बोलू.

जळगावची_लेक:
तुम्ही वांग्याचे तुकडे करून भाजताय इथेच मला कसंतरी झालं 😀 वांगं अख्खं भाजायचं असतं गं! आमच्याकडे भरताची वांगी वेगळीच येतात, मोठी, हिरवट पांढरी, बिया कमी, आणि कपाशीच्या काड्यांवर भाजतात. पुण्यात काड्या कुठून आणणार, तर गॅसवर भाज, सालं काढ आणि चाळणीत अर्धा तास ठेव, कसं भदाभदा पाणी निघतं बघ. मग ठेचलेली हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात घालून घट्ट भरीत कर आणि भाकरीवर दह्याऐवजी तेच फास. बाकी भाज्या त्याच्यावर. वांगं खालचा थर झालं की तुकड्यांचा प्रश्नच मिटला.

आणि भाकरी बाजरीचीच हवी का? कळण्याची करून बघ, ज्वारी आणि उडीद एकत्र दळलेली. उडदामुळे चिकटपणा येतो, भाकरी तुटत नाही, वरचं वजन पेलते.

मंडईवाला:
भोगीला बाजरीचीच. तीळ लावून. बाकी वर्षभर काय ते करा.

पेठेतला:
मला एक कळत नाही, भोगीची भाजी असताना हे सगळं कशासाठी? गाजर, वांगं, पावटा, ओला हरभरा, घेवडा, शेंगदाणे, बोरं, उसाचे करवे, वरून तिळाचं कूट, बाजरीची भाकरी, लोण्याचा गोळा, खिचडी. यात काय कमी आहे म्हणून ते ओव्हनमध्ये घालायचं? न खाई भोगी तो सदा रोगी म्हणतात, न भाजी भोगी असं कोणी म्हटल्याचं ऐकलं नाही. फ्यूजनच्या नावाखाली दोन चांगले पदार्थ एकदम बिघडवायची फॅशन आलीये.

धायरीफाटा:
आले आले. धाग्याचं भरीत व्हायला सुरुवात.

नदीपलीकडचा:
पेठेतले काका, तुमच्या यादीतला शेंगदाणा अमेरिकेतून आलाय. ताईंचं रताळं पण. आणि भाजीवर घालायचं लाल तिखट पण, मिरची पोर्तुगीजांबरोबर आली. फ्लॉवर इंग्रजांच्या काळातला. तुम्ही ज्या मंडईतून हे सगळं आणता ती इमारत १८८६ ची आणि तेव्हा तिचं नाव रे मार्केट होतं, मुंबईच्या गव्हर्नरच्या नावावरून. तुमच्या पणजीची भोगी पण तिच्या पणजीच्या मानाने फ्यूजनच होती की!

पेठेतला:
शेंगदाणा आला तो इथे राहिला. तुमचा कॅफे सहा महिन्यांत बंद होतो. फरक आहे.

नदीपलीकडचा:
😂 हे मात्र खरं.

शास्त्रार्थ:
थोडं विज्ञान झाडतो, नको असेल त्यांनी पुढे जा. भाजलेल्या पदार्थाला जो खमंगपणा येतो, तपकिरी कडा येतात, ती मायार अभिक्रिया, १९१२ साली मायार नावाच्या फ्रेंच माणसाने मांडली. तिला साधारण १४० डिग्रीच्या पुढे वेग येतो आणि पृष्ठभागावर पाणी आहे तोवर तापमान १०० च्या वर जातच नाही. म्हणजे तवाप्रेमी जे पंचाचं सांगतायत ते अगदी बरोबर.

रताळ्याची गोष्ट मात्र उलटी आहे. त्याच्यात पिष्टाची साखर करणारं एन्झाइम असतं, ते साधारण ६० ते ७५ डिग्रीला जोरात काम करतं आणि फार तापलं की निकामी होतं. म्हणून रताळं एकदम कडक आचेत टाकलं तर ते गोड व्हायच्या आधीच शिजून जातं. चुलीच्या राखेत पुरलेलं रताळं गोड का लागायचं, तर हळूहळू तापायचं म्हणून. तुम्ही अख्खी रताळी सालासकट थंड ओटीजीत ठेवा, १५० वर तासभर जाऊ द्या, मऊ झाली की चकत्या करा आणि मग २२० वर नुसत्या कडा लाल करा. फरक पहिल्या घासात कळेल.

सिंहगडरोडची:
बापरे, एवढे प्रतिसाद! सगळ्यांना मनापासून धन्यवाद. पेठेतले काका, भोगीची भाजी सासूबाई करणारच आहेत, तिला कोणी हात लावत नाहीये, हे जास्तीचं आहे.

काल ऑफिसातून येताना मंडईत गेले, सोललेले पावटे आणि सोलाणे (सोललेला ओला हरभरा) वाट्याने मिळाले, पातीचा लसूण पण मिळाला. रात्री परत करून बघितलं. पंचा, तापलेला ट्रे, जागा सोडून, सगळं. चर्र आवाज आला हो! गाजराच्या फोडी आक्रसून कडेला वळल्या आणि टोकं काळपट झाली, मला वाटलं करपली, पण खाऊन बघितली तर गाजर हलव्यासारखी गोड. फ्लॉवरच्या तुऱ्यांची टोकं तर चिवड्यातल्या दाण्यासारखी कुरकुरीत. रताळं शास्त्रार्थ म्हणाले तसंच केलं, सालाखालून चक्क पाक गळून ट्रेला चिकटला होता, लेकाने तो सुरीने खरवडून खाल्ला.

पण भाकरी! भाज्या कोरड्या असून भाकरी तरी मऊ पडली. आणि नवीन प्रॉब्लेम म्हणजे कापायला गेले तर पापुद्रा सुटून वेगळा झाला, भाज्या पापुद्र्यासकट ताटात आणि खालची भाकरी माझ्या हातात.

अष्टागर:
तुमचं वाचून पोपटी आठवली. आमच्या रायगडात याच दिवसांत वालाच्या शेंगा मडक्यात भरतात, खाली वर भांबुर्डीचा पाला, मधे ओवा आणि जाडं मीठ, मडकं उपडं ठेवून भोवती पालापाचोळा पेटवायचा. पाण्याचा थेंब घालत नाहीत, शेंगेचं पाणी शेंगेतच जिरतं. तुम्हाला भांबुर्डी मिळणार नाही (भांबुर्डे नावाचं गाव तुमच्याकडे होतं, त्याचं तुम्ही शिवाजीनगर केलंत), पण निदान पावट्याला ओवा लावा. भरडलेला ओवा आणि जाडं मीठ, बाकी मसाला नको. पावट्याचं पोट धरणं पण कमी होतं.

कर्वेनगरची_मावशी:
अगं, भाकरीच्या दुखण्यावर अजून कोणीच बोललं नाही, सगळे भाज्यांतच अडकलेत. ऐक. तू जेवणासाठी करतेस तशीच भाकरी केलीस, म्हणजे मोठी, पातळ, टम्म फुगलेली. ती कुस्करून खायची भाकरी आहे. वर काही ठेवायचं तर फुगू द्यायचीच नाही. बशीएवढी छोटी थाप, नेहमीपेक्षा जाड, आणि थालीपीठाला पाडतो तशी बोटाने चारपाच भोकं पाड. वाफ भोकांतून जाते, पापुद्रा सुटत नाही. एकेकाला एक अख्खी द्यायची, कापायचा प्रश्नच नको.

पीठ ताजं दळलेलं घे. बाजरीत तेलाचं प्रमाण जास्त असतं, पीठ पडून राहिलं की कडू होतं आणि मग तू भाज्यांना दोष देशील. बाजरीला चिकटपणा नसतो म्हणून पाणी कडकडीत घे आणि तळहाताने चांगली रगड, कडा चिरता कामा नयेत. तीळ वरून पाण्याचा हात लावून दाबून बसव नाहीतर सगळे तव्यावर उडतात.

आता मुख्य. भाजून झाली की ताटात एकावर एक ठेवू नकोस! पापड भाजायच्या जाळीवर उभ्या आडव्या ठेव, गार होऊ दे. वाढायच्या आधी परत मंद तव्यावर दोन्ही बाजूंनी कडक कर, खाकऱ्याइतकी नाही, पण वाजली पाहिजे. लगेच वर तुपाचा हात फिरव, त्यावर कोरडी चटणी पसर, तीळ किंवा कारळ्याची. तूप पाणी अडवतं आणि उरलेलं चटणी पिते. मग तुझं दही. आणि दही नाही गं, चक्का! रात्रभर फ्रीजमध्ये टांगलेला. माझा किलोभर दह्याचा जेमतेम चारशे ग्रॅम होतो, एवढं पाणी तू भाकरीवर ओतत होतीस.

तवाप्रेमी:
मावशींना साष्टांग. तुपाचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

धायरीफाटा:
म्हणजे फिरून फिरून थालीपीठच केलं की. भाजणीचंच करा ना मग, तेल सोडून खरपूस, मधे भोक, वर काही ठेवलं तरी वाकत नाही.

मंडईवाला:
भोगीला बाजरीचीच. तीळ लावून.

दोह्यातून:
मी गेली काही वर्षं इकडे आहे, माझे दोन पैसे. तुमच्या त्या कॅफेवाल्याने नानवर बहुतेक हमस फासलं असणार. हमस म्हणजे अरबीत हरभराच, आणि त्यात पडते ती ताहिनी म्हणजे वाटलेले तीळ. हरभरा आणि तीळ, आपल्या भोगीच्या भाजीतलीच जोडी. सोलाणे मिळालेच आहेत तर ते पाच मिनिटं उकडा, भाजलेले तीळ आधी एकटे मिक्सरमधून तेल सुटेपर्यंत वाटा, मग सोलाणे, पातीचा लसूण, लिंबू, मीठ. पाणी अगदी चमचाभर. पोपटी रंगाचं होतं आणि चक्क्यापेक्षा घट्ट बसतं. जळगावच्या ताईंचं भरीत पण इकडच्या लोकांना ओळखीचं वाटेल, भाजलेल्या वांग्यात ताहिनी घालून ते बाबागनूश करतात.

पेठेतला:
सोलाणे वाटून फासायचे. ठीक आहे. हे मी करून बघेन, पण नाव हमस म्हणणार नाही, सोलाण्याची चटणी म्हणेन.

जळगावची_लेक:
काका फुटले!! 😀

एअरफ्रायरवाली:
हे सगळं एअरफ्रायरमध्ये १२ मिनिटांत होतं, कशाला एवढा खटाटोप.

तवाप्रेमी:
दोन माणसांचं होतं. २४ माणसांचं करायला बसलात तर संक्रांत उलटून जाईल.

स्वयंपाकी_बाबा:
बीट कोणी काढलं नाही विषय म्हणून सांगतो, घातलंत तर वेगळ्या ट्रेवर आणि शेवटी वाढताना. मी एकदा एकत्र भाजलं, फ्लॉवर चक्का भाकरी सगळं गुलाबी, पाहुण्यांना वाटलं स्ट्रॉबेरी आहे.

सिंहगडरोडची:
अपडेट द्यायला उशीर झाला, काल भोगी झाली, आज हातपाय दुखतायत म्हणून रजा टाकून लिहितेय.

भाकऱ्या ५० केल्या, बशीएवढ्या, भोकं पाडून. शेजारच्या काकू आणि मी, दोन तवे, दुपारी दोनला बसलो ते साडेचार. पहिल्या पाचसहा चिरल्या, पाणी कोमट झालं होतं, परत कडकडीत केलं मग जमल्या. जाळ्या पुरेनात म्हणून कपडे वाळत घालायच्या छोट्या स्टँडवर पातळ फडकं टाकून त्यावर मांडल्या, नवऱ्याने फोटो काढून ग्रुपवर टाकला, "आज भाकरी वाळत घातली आहे". असो.

ओटीजी दोन, माझा आणि बी विंगमधल्या एकींचा, क्लबहाऊसमध्ये लावले. तीन घाणे झक्कास निघाले. चौथ्याला कोणीतरी त्याच लाइनीवर चहाची इलेक्ट्रिक किटली लावली आणि फट्. एमसीबी पडला. वॉचमनदादा येऊन तो वर करेपर्यंत वीस मिनिटं, आणि आत फ्लॉवर अर्धवट, घाम फुटल्यासारखा. शेवटी तो घाणा लोखंडी कढईत काढला, मोठ्या आचेवर, झाकण न ठेवता, थोडाथोडा. आणि खरं सांगू का, कढईतला फ्लॉवर ओटीजीपेक्षा चांगला झाला. तवाप्रेमी, आता बोला.

जोडणी अशी ठेवली: कडक भाकरी, तूप, कारळ्याची चटणी, मग अर्ध्यांवर सोलाण्याचं ते हिरवं, अर्ध्यांवर भरीत. वर गाजर, रताळं, फ्लॉवर, ओव्यातले पावटे. चक्का ऐनवेळी वरून ठिपक्यासारखा. बोरं बारीक चिरून गूळ लिंबू लावून ठेवली होती, ती दोनदोन फोडी, आंबटपणाला. बीट घातलं नाही, हिंमत झाली नाही. एकेक प्लेट समोर भरून दिली, आधी भरून ठेवली नाहीत. भाकरी शेवटच्या घासापर्यंत वाजत होती! मुलांनी हिरव्याच्या उचलल्या, मोठ्यांनी भरताच्या. भरीत आधी संपलं.

सासूबाईंनी एक भाकरी खाल्ली, दुसरी मागून घेतली, ती मात्र वरचं सगळं बाजूला काढून नुसती तूपचटणी लावून. काही बोलल्या नाहीत.

खवय्या_नंबर_एक:
अभिनंदन! फोटो?

तवाप्रेमी:
कढईबद्दल बोलतो. लोखंड जाड असतं, उष्णता धरून ठेवतं, शिवाय तुम्ही थोडं थोडं टाकलंत, म्हणजे जागा सोडायचा माझा नियम तुम्ही कढईत पाळलात. त्यामुळे श्रेय अर्धं माझं.

पेठेतला:
सोलाण्याची चटणी काल घरी केली. लसूण थोडा जास्त झाला. बाकी बरी होती.

कर्वेनगरची_मावशी:
शाब्बास गं. उरलेल्या भाज्यांचं काय केलंस?

सिंहगडरोडची:
मावशी, तेच सांगायचं राहिलं. वाडगाभर उरल्या होत्या, मी फ्रीजमध्ये टाकून झोपले. सकाळी उठून बघते तर सासूबाईंनी त्या कढईत घालून, गरम पाणी, तिळाचं आणि दाण्याचं कूट, गूळ, चिंच, गोडा मसाला घालून पातळ रस्सा केलेला. उरलेल्या कडक भाकऱ्या त्यात कुस्करल्या. भाजलेल्या गाजराचा वास असा काही उतरला होता त्या रश्श्यात की मी दोन वाट्या नुसत्या प्यायले. प्रमाण विचारलं तर म्हणाल्या, "तुमच्या धाग्यावर विचार."